थाळगडचे साडूभाऊ

उभ्या बदनापूर तालुक्यात भरल्या वांग्याला राजद्रोहाच्या आरोपाखाली उकळत्या फोडणीत ढकलणारा माणूस एकच असेल, आणि तो माझा साडू आहे. थोरली बहीण त्यांना दिली, धाकटी मला, एवढ्या योगायोगावर मी या माणसाच्या राज्यात कायमचा अडकलो. स्टेशनच्या रस्त्याला त्यांचं भांड्यांचं दुकान आहे. घागरी, पराती, पोळपाट, लग्नाच्या रुखवतात मांडायचे डबे, आणि एका कोपऱ्यात भांड्यांवर नावं घालायचं मशीन. गिऱ्हाईक नाव सांगतं, साडूभाऊ मान तिरकी करून ते स्टीलवर कोरतात, आणि कोरताना त्यांचं मन भलतीकडेच असतं. एकदा एका मुलीच्या मामानं कळशी आणून दिली, 'मामाकडून सप्रेम भेट' असं घाला म्हणाला. लग्नमंडपात कळशीवरचा कागद काढला तर तिच्यावर 'प्रधान ठेचा यांजकडून सप्रेम भेट'. मामा तणतणत दुकानात आला. साडूभाऊंनी शांतपणे दुसरी कळशी काढून दिली आणि म्हणाले, "पहिली माघारी नका आणू. प्रधानांनी पहिल्यांदाच कुणाला काही दिलंय."

हे प्रधान ठेचा कोण, ते सांगायला हवं. साडूभाऊंची पुतणी पुण्याला शिकते. एका दिवाळीत ती एक खेळ घेऊन आली. त्यात एक जण गोष्ट सांगतो, बाकीचे त्या गोष्टीतली माणसं होतात, आणि कुठे अडलं की वीस तोंडांचा फासा टाकतात. मोठा आकडा आला तर जमलं, लहान आला तर फसलं. तिच्या गोष्टीत राक्षस, जादूगार आणि लांब कानांचे लोक होते. साडूभाऊ दोन तास मन लावून खेळले आणि शेवटी म्हणाले, "खेळ बराबर हाय. पण ही लांब कानांची मंडळी आपल्या काय कामाची? आपल्याकडलं सगळं राजकारण तर ताटात चालतं." पुतणी सुट्टी संपवून गेली, फासा इथेच राहिला, आणि पुढच्या रविवारी दुपारी दुकानाचं अर्धं शटर ओढून थाळगडची स्थापना झाली.

थाळगड म्हणजे एक मोठं ताट. त्याचा काठ ही तटबंदी. आत राहतात ते सगळे जिवंत पदार्थ, बोलणारे, कारस्थानं करणारे आणि मरणाला भिणारे. मीठ सगळ्यांच्या वर बसतं, कुणाशी बोलत नाही, पण त्याच्यावाचून कुणाचं चालत नाही. डाव्या अंगाला चटण्या, लोणची, कोशिंबिरी. उजव्या अंगाला भाज्या. प्रत्येकाची जागा ठरलेली, आणि ती कुणी ठरवली हे गडावर कुणालाच ठाऊक नाही. दिवसातून दोनदा आभाळातून पाच बोटांचा हात खाली येतो आणि कुणाला तरी उचलून नेतो. कुणाला न्यावं हे हाताच्या मनात असतं असं प्रजा समजते. खरं तर दरबार आदल्या रात्रीच ठरवतो आणि त्या माणसाला हळूच पुढे सरकवून ठेवतो. साडूभाऊ हे सांगतात तेव्हा आवाज खाली आणतात, आणि समोरच्या रस्त्यावरून जाणारी रिक्षासुद्धा त्या कटात सामील आहे असं वाटायला लागतं.

गादीवर महाराणी पोळी. तिचं सिंहासन म्हणजे तापता तवा, कारण गडाचा पहिला कायदा असा की जो ऊन तोच मानाचा. जो थंड झाला तो शिळा. शिळ्यांना तटाबाहेर काढून टोपल्याखाली झाकून ठेवतात आणि त्यांचं नाव पुन्हा कुणी घेत नाही. या दुष्ट कायद्याखाली आम्ही रविवारमागून रविवार काढले. शेजारचा मेडिकलवाला प्रधान ठेचा होता. आठवडाभर पित्ताच्या गोळ्या विकणारा हा सज्जन माणूस रविवारी दुपारी असा विषारी होतो की काय सांगू. मी भरलं वांगं होतो. प्रत्येकाच्या नावाची स्टीलची इवलीशी वाटी साडूभाऊंनी स्वतः कोरून दिली होती, आणि माणूस मेला की ती पालथी घालायची.

माझं वांगं टोपल्याखालच्यांसाठी दरबारात कळवळून बोललं. मी खरंच मनापासून बोललो होतो. ठेच्यानं गुपचूप मुंग्यांकरवी पुरावे पेरले, माझा फासा लहान पडला, आणि साडूभाऊंनी मला फोडणीत घातलं. तेल कसं तडतडलं, देठ कसा शेवटपर्यंत ताठ राहिला, हे सगळं त्यांनी डोळे मिटून सांगितलं. मग माझी वाटी टण्णकन पालथी घातली आणि विचारलं, "चहा घेनार का, साडूभाऊ?" मी दोन दिवस घरात कुणाशी धड बोललो नाही. बायको म्हणाली, "अहो, वांगं गेलं म्हणून कुणी सुतकात बसतं का?" पुढच्या रविवारी मी शेंगदाण्याची चटणी होऊन निमूटपणे डाव्या अंगाला जाऊन बसलो.

बाहेरही हा माणूस थाळगडातून बाहेर येत नाही. लग्नाच्या पंगतीत वाढप्यानं कोशिंबीर उजवीकडे वाढली की हे त्याचा हात धरतात आणि गंभीरपणे विचारतात, "ही इकडं कशी आली? कुणी बोलावलं हिला?" त्यांच्या शेजारी बसणारा सहसा अर्धपोटी उठतो. घरात मात्र ते कुणाला 'घ्या, अजून घ्या' असं कधी म्हणत नाहीत. आमच्याकडे आग्रहाला प्रेम समजतात, त्यामुळे सासरी त्यांच्याबद्दल मत फार काही चांगलं नव्हतं. पाव्हणा जेवला काय, न जेवला काय, याला सोयरसुतक नाही, असं सगळे म्हणायचे. मीही म्हणायचो.

मग आमच्या सासूबाई गेल्या. मामा, म्हणजे आमचे सासरे, शहागडला एकटे पडले. त्यांना दोनच मुली, दोघी बदनापुरात. दिवसकार्य आटोपल्यावर मुलींनी त्यांना जवळजवळ ओढूनच इकडे आणलं. गोदावरीच्या काठी साठ वर्षं शेती केलेला उंचापुरा माणूस, पण जेवायला बसला की दोन घास, की ताटाला नमस्कार. "भूक न्हाई," एवढंच. लेकीच्या घरी जेवायचा संकोच असेल म्हणून मुली दुसऱ्याच भांड्यातून वरण आणून 'हे शेजारच्यांकडचं' असं सांगायच्या. डॉक्टर म्हणाले तब्येतीत काही दोष नाही. मेडिकलवाल्यानं भूक लागायचं औषध दिलं, ते बाटलीत तसंच राहिलं. भाकरी तव्यावरून थेट ताटात, वर तुपाची धार, आणि दोघी लेकी दोन बाजूंनी, "आबा, ऊन हाय तोवर घ्या ना." मामांच्या सदऱ्यात दुसरा माणूस मावेल एवढी जागा झाली. एके दिवशी ओट्यापाशी पाठ करून बायको मला म्हणाली, "असंच चाललं तर आबा हा उन्हाळा काढत न्हाईत." तेच माझ्याही मनात होतं.

त्या रविवारी साडूभाऊ मामांना दुकानात घेऊन आले. "घरी बसून काय करता, मामा? इथं पंख्याखाली बसा." मामा एका पालथ्या पातेल्यावर बसले आणि आमचं वेड बघत राहिले. खेळ सुरू व्हायच्या आधी साडूभाऊंनी सहज सांगितल्यासारखं सांगितलं, "नियम ध्यानात ठेवा. ज्याला फासा टाकायचा त्यानं आधी एक घास खायचा. हा हाताचा कर हाय." असला नियम मी कधी ऐकला नव्हता. पण थाळगडात वाद घालणाऱ्याचं काय होतं हे मला माहीत होतं, म्हणून मी समोरच्या डब्यातला घास मुकाट्यानं खाल्ला.

बराच वेळ गेल्यावर मामांनी विचारलं, "ते टोपल्याखाली झाकलेले. त्यांच्यातून कोण बोलतं?"

"अजून कुणीच न्हाई, मामा."

मामांनी थोडा विचार केला. "मंग मी बोलतो."

साडूभाऊंनी मशीन चालू केलं. बारीक किरकिर झाली, आणि वाटीवर नाव उमटलं: शिळी भाकर. मामांनी फाशाला हात घातला. मेडिकलवाल्यानं अदबीनं गरम डबा पुढे केला, तसा मामांनी तो बाजूला सारला. "मी शिळी भाकर हाय ना? मंग ऊन कशी खाऊ?" आम्ही एकमेकांकडे बघितलं. साडूभाऊ उठले, मागच्या दारानं घरात गेले आणि सकाळची ज्वारीची भाकरी, वर तेल-चटणी, अशी हातावर घेऊन आले. मामांनी तुकडा मोडला, खाल्ला, फासा टाकला. मग पुन्हा तुकडा, पुन्हा फासा. त्या दिवशी टोपल्याखालून जे बंड उठलं त्यापुढे ठेच्याची सगळी कारस्थानं फिकी पडली, आणि खेळ संपेपर्यंत भाकरी संपली होती. फासा टाकायचं निमित्त करून मामा जेवले हे आम्हा सगळ्यांना दिसत होतं. साडूभाऊंनी त्यावर अवाक्षर काढलं नाही, म्हणून आम्हीही काढलं नाही.

असे काही रविवार गेले. मग एकदा चहा घेऊन दोघी बहिणी दुकानात आल्या आणि वडिलांच्या हातातला कोर वाळलेला तुकडा त्यांनी पाहिला. थोरली नवऱ्यावर कडाडली. "माझ्या बापाला शिळं घालून राह्यले तुम्ही? घरात ऊन भाकर असताना? लोकं काय म्हनतील, सासऱ्याला शिळंपाकं घालतात?" साडूभाऊ खाली मान घालून वाट्या पुसत बसले. उत्तर मामांनी दिलं.

"त्याला नको बोलू. मीच मागितली." तुकडा हातातच होता. "तुझी माय जलमभर मला तव्यावरची वाढायची. अन् सगळ्यांच्या मागून चुलीपाशी बसून सकाळची खायची. मला वाटायचं, तिला तीच आवडती. कधी इचारलं न्हाई. ती गेली त्या दिवशी टोपलं उघडलं तं एक भाकर व्हती झाकून. तिच्या वाटची. तवापासून ऊन घास गळ्याखाली उतरंना."

थोरलीनं हातातली चहाची किटली हळूच खाली ठेवली. आम्ही सगळे जण महिनाभर त्या माणसाला मायेनं जे वाढत होतो, तेच त्याच्या घशात अडकत होतं. मला रडू आलं, आणि ते मी लपवलं नाही.

थोड्या वेळानं मामाच म्हणाले, "खेळ चालू दे." त्या दिवशी बंड जिंकलं. फाशावर वीस आले. शिळ्यांनी तट ओलांडला, प्रधान ठेचा शरण आला, आणि साडूभाऊंनी आवाज खोल करून विचारलं, "शिळी भाकर, तव्याचं सिंहासन आता तुमचं. महाराणी पोळीचं काय करायचं? फोडणी, का टोपलं?" मेडिकलवाला पुढे सरसावला. त्याला फोडणी हवी होती.

मामा म्हणाले, "तवा उतरवा. तिला बी खाली घ्या, थंड होऊ द्या. जलमभर चटके खाऊन राह्यली ती. खाली बसून तिला बी जेवू द्या."

एवढी वर्षं मी साडूभाऊंना पाहतो आहे. गोष्टीत पुढे काय, हे त्यांना सुचलं नाही असं तेवढं एकदाच झालं. त्यांनी महाराणीची वाटी उचलली, क्षणभर हातात धरली आणि मिठाच्या शेजारी उताणी ठेवली. मग दुकानाच्या आतल्या बाजूला सतरंजी टाकली, आणि त्या संध्याकाळी दोघी बहिणी आमच्याबरोबर, एकाच पंगतीत, मागून नाही, जेवायला बसल्या. मामांनी त्या दिवशी अर्धी ऊन आणि अर्धी शिळी खाल्ली. आता दोघी रविवारी खेळायला असतात. माझी बायको कैरीचं लोणचं आहे, आणि तिनं मला दोनदा मारलं आहे.

तो घासाचा नियम नेमका कधी केला, असं मी साडूभाऊंना एकदा विचारलं. "जुनाच हाय तो," ते म्हणाले, "तुम्ही ऐकून घेत न्हाई." हा माणूस तोंडावर इतकं सराईत खोटं बोलतो की गडावर असता तर प्रधानच झाला असता.

मामा अंगानं जरा भरले आणि शहागडला परत गेले. लेकींचं त्यांनी काही चालू दिलं नाही. आता ते स्वतः भाकरी थापतात, ती गोल होत नाही असं सांगतात, आणि तिच्यातली अर्धी सकाळसाठी झाकून ठेवतात. थकलेत आता. फोनवर आवाज बारीक येतो, मध्येच तुटतो. पण रविवारी दुपारी साडूभाऊ शटर अर्धं ओढतात, 'शिळी भाकर' कोरलेली वाटी ताटात मांडतात आणि तिच्याशेजारी फोन ठेवतात. जेवलात का, असं ते आजही विचारत नाहीत. मामांची पाळी आली की फासा मुठीत धरून एवढंच म्हणतात, "टाकू का, मामा, तुमच्या नावानं?"

"थांब," पलीकडून आवाज येतो. "आधी घास घेतो."

मग आम्ही सगळे गप्प बसतो. प्रधान ठेचाही हलत नाही. रस्त्यावरचा कलकलाट आत येऊ नये म्हणून कुणीतरी शटर आणखी थोडं खाली ओढतं, आणि आम्ही पाची जणं मान वाकवून त्या फोनमधून, शहागडला एक म्हातारा माणूस भाकरीचा तुकडा सावकाश चावतो आहे, ते ऐकत राहतो.