पाळण्यापर्यंत न पोचलेलं नाव

दळण संपलं की धनुबाई जात्याभोवतीचं पीठ लगेच भरायची नाही. आधी तळहाताने ते सारखं करायची, मग बोटाने त्यात एक शब्द लिहायची, क्षणभर बघायची आणि पीठ डब्यात ओढून घ्यायची. ज्वारीच्या पिठात अक्षरं जाड यायची. त्यातला 'क्ष' तिला कधी नीट जमला नाही. भावजय शोभाबाई हे रोज पाहायची. तिला वाचता येत नव्हतं, म्हणून ती त्याला नणंदेची रांगोळी म्हणायची.

शब्द होता तितिक्षा.

धनुबाईचं माहेर सारंगखेड्याच्या अलीकडे, तापीच्या काठी. अकराव्या वर्षी लग्न झालं आणि सोळाव्या वर्षी, अठरा सालच्या मानमोडीच्या तापाच्या साथीत, नवरा गेला. ती परत आली तेव्हा धाकटा भाऊ चुडामण शाळेत जात होता. त्याच्या पाटीवर ती अक्षरं शिकली. पुढे तो सातवी पास झाला, गावाचं टपाल वाचून दाखवू लागला, शेती बघू लागला. धनुबाईने घर सांभाळलं. तिच्याबद्दल गावात कुणी वाईट बोललं नाही, फारसं चांगलंही नाही. विधवा बाई काम करते, यात बोलण्यासारखं काय?

एका चातुर्मासात देवळात बाहेरगावचे एक पुराणिक पोथी सांगायला आले. बायका मागे, खांबांच्या पलीकडे बसायच्या. एका दुपारी ते म्हणाले, "ऊन, थंडी, सुख, दुःख येतं आणि जातं. रडत-चडफडत सोसलं तर ते नुसतं ओझं. मनात तक्रार न ठेवता, कळून-सवरून सोसलं, तर तिला म्हणतात तितिक्षा."

संध्याकाळी धनुबाईने चुडामणला पुराणिकांकडे पाठवलं. हे बाईचं नाव होऊ शकतं का, एवढंच विचारून ये म्हणाली. पुराणिक हसले. "होईल की. पण ठेवणार कोण? लोकांना घरात लक्ष्मी हवी असते."

चुडामणने कागदावर शब्द लिहून दिला. आपण जे चौदा वर्षं केलं त्याला गावात नशीब म्हणतात. पण कुठेतरी, फार पूर्वी, कुणीतरी त्याला इतकं मोलाचं मानलं की त्याच्यासाठी एक वेगळा, देखणा शब्द घडवला, ही गोष्ट तिला विलक्षण वाटली. तो शब्द पोथीतच राहू नये, या घरात दिवसातून दहादा हाक म्हणून ऐकू यावा, असं तिला वाटू लागलं. शोभाबाईला तेव्हा दिवस गेले होते.

"पोर व्हयनी त हाई नाव ठेवजो," ती भावाला म्हणाली.

"मी कसाले ठेवू? तू फुई शे. कानमा तूच सांगशी."

बाळाच्या कानात नाव सांगायचं ते फुईने, म्हणजे आत्याने. हक्क तिचाच होता. पण विधवेने पाळण्याला हात लावायचा नाही, हेही सगळ्यांना माहीत होतं. त्यात शोभाबाईची आधीची दोन बाळं वर्षाच्या आत गेली होती.

मुलगीच झाली. चुलती अनुसयाबाईने सगळं ताब्यात घेतलं. ज्या घरात मुलं जगत नाहीत तिथे बाळ सुपात घालून उकिरड्यावर ठेवायचं, परक्या बाईने उचलायचं आणि आईने पदर पसरून ते भीक म्हणून मागून घ्यायचं. मग मृत्यूला वाटतं, हे या घरचं नाहीच. नावही तसंच ठेवायचं, कुणाची नजर जाणार नाही असं.

"भिकी," अनुसयाबाईने ठरवून टाकलं.

"नाव ठरेल शे, काकू. तितिक्षा," चुडामण म्हणाला.

"हाई नाव शे का काढा? पोटमा दुखनं त देतस का?"

बायका हसल्या. चुडामण लाल झाला. पण बारशाच्या दिवशी त्याने शब्द पाळला. सूप, उकिरडा, पदर सगळं होऊ दिलं, आणि पाळण्यापाशी उभा राहून भरल्या घरात हाक मारली, "अक्का, ये आठे. कानमा नाव सांग."

धनुबाई स्वयंपाकघराच्या उंबऱ्यावर होती. तिने अनुसयाबाईकडे पाहिलं नाही, शोभाबाईकडे पाहिलं. शोभाबाईचा पाळण्याच्या काठावरचा हात घट्ट झाला.

"मन्हा हातले पीठ लागेल शे," धनुबाई म्हणाली आणि आत वळली.

हात धुतलेले, कोरडे होते. पुरणपोळ्या सकाळीच झाल्या होत्या.

भिकी जगली. गोवर आला, गेला. एकदा विंचू चावला, तरी जगली. गाव म्हणालं, बघा. धनुबाई तिला न्हाऊ घालायची, तिच्या वेण्या घालायची, आणि हाक मारायची नुसती 'बाय'. 'भिकी' असं ती कधी म्हणाली नाही. दुसरं नावही कधी म्हणाली नाही. म्हणायला कुणी अडवलं नसतं. दुपारी घरात दोघीच असायच्या.

भिकी सात वर्षांची झाली तेव्हा चुडामण स्वतःहून म्हणाला, "अक्का, शाळाना रजिस्टरमा तुन्हं नाव लिखसू. भिकी घरमा राहू दे."

त्या सकाळी धनुबाईने मुलीच्या केसांना दोनदा तेल लावलं. बापलेक दुपारी परतले. चुडामण पायरीवर बसला, पागोटं काढून मांडीवर ठेवलं.

"मास्तरनी इचारं, नाव काय? माले एकदम ती गयेल दोन्ही बाळं आठवनी. धीर नई व्हयना, अक्का. भिकी सांगं."

"बरं करं," धनुबाई म्हणाली. त्याच्यापुढे ताट ठेवलं. बऱ्याच वेळाने, त्याला पाणी वाढताना, ती म्हणाली, "तू त तवय बलावं व्हतं. मीच उनू नई."

चुडामणला पुढे आयुष्यभर हे वाक्य पुरलं. ती पाळण्यापर्यंत आली असती तर काय झालं असतं? मुलगी तशीही जगली असती, की नसती? हे कुणालाच कळणार नव्हतं, आणि म्हणूनच त्याला ते मिटवता येत नव्हतं. वाचता येणारा माणूस, पण उकिरड्यापुढे त्याचं वाचन संपलं होतं.

त्रेचाळीस सालच्या कार्तिकात धनुबाईला ताप आला. तिसऱ्या दिवशी दुपारी घरातलं कुणी शेतात गेलं नाही. चुडामण खाटेशी बसला होता. त्याला वाटत होतं, निदान आता तरी ती ते नाव एकदा मोठ्याने म्हणेल. मुलगी दारातच उभी होती.

"अक्का, काही सांगनं शे का?"

धनुबाईने डोळे उघडले. दाराकडे पाहिलं, मुलीच्या पलीकडे अंगणात पाहिलं. मग त्या घरात सगळे मारत तीच हाक तिने पहिल्यांदा मारली.

"भिके, वासरू सुटनं दख. बांधी ये."