स्वयंपाकघराच्या दारापर्यंतचे ठसे

आधीच सांगते, असल्या गोष्टींवर माझा काडीचाही विश्वास नव्हता. उलट माझा छंदच पुराव्यांचा. अमेरिकेत हर्नडनला आमच्या घरामागे थोडं जंगल आहे. बर्फ पडला की मी पट्टी आणि चार्ट घेऊन प्राण्यांचे ठसे ओळखत फिरते. नखं उमटली तर कोल्हा, नाही उमटली तर मांजर... इतकं सरळ.

मागच्या जानेवारीत साताऱ्याला आई वारली. माझी ग्रीन कार्डची केस अशी अडकली होती की देश सोडला असता तर परत येता आलं नसतं. गेले नाही. आईला इकडचा व्हिसा दोनदा नाकारला होता. दर फोनवर म्हणायची, "तुझं घर तेवढं बघायचं राहिलंय गं." ते राहूनच गेलं, आणि मला फार लागलं.

आमच्याकडे दहाव्याच्या रात्री पीठ पसरून त्यावर दिवा ठेवतात, वर टोपली झाकतात. सकाळी पिठात ज्याचं पाऊल दिसेल, तो गेलेल्याचा पुढचा जन्म. मी फोनवर म्हटलंही, "दादा, कसली थेरं करतोयस?"

दुसऱ्या दिवशी सकाळी इथे ताजा बर्फ होता आणि त्यात ठसे. चार बोटं, नखं नाहीत – मांजर. पण सुरुवात ड्राइव्हवेच्या मधोमध, पाहुण्यांची गाडी थांबते तिथून. रस्त्याकडून आलेला एकही ठसा नाही. मग एकेका खिडकीशी थांबत गेलेले... हॉल, बेडरूम, माझी ऑफिसची खोली. प्रत्येक खिडकीखाली मागचे दोनच पाय खोल रुतलेले, उभं राहून आत डोकावल्यासारखे. स्वयंपाकघराच्या दाराशी ठसे संपले. परत गेलेले नव्हतेच.

नवरा म्हणाला, "अगं, शेजाऱ्यांचं मांजर असेल." शेजाऱ्यांकडे कुत्रा आहे.

आत येऊन फोन पाहिला. दादाने पिठाचा फोटो पाठवला होता. चार बोटं, नखं नाहीत. लगेच कॉल केला.

"खोली बंद होती, टोपलीवर वीट ठेवली होती," दादा म्हणाला. "आणि मांजर कसं गं? जन्मभर आईने दुधावरून मांजरं हाकलली."

दोघंही हसलो, आणि हसता हसता मी रडायलाच लागले. त्याला सगळं सांगितलं. "दादा, आई घर बघून गेली रे."

दादा म्हणाला, "आवडलं असेल तिला."

याचं स्पष्टीकरण मला आजही देता येत नाही. फक्त बर्फाचा अंदाज आला की मी सगळे पडदे उघडे ठेवते, आणि आदल्या दिवशी घर जरा आवरूनही ठेवते.