फेस मोडायच्या आत

सरूआत्याच्या गोठ्यातून कुणी कोरड्या तोंडानं परत गेलं नाही. पाहुणा असो, लाइटबिल वाटणारा असो, नाहीतर इंजेक्शन द्यायला आलेला गुरांचा डॉक्टर असो. आत्या धार काढून उठायची, चरवीतलं दूध पितळी पेल्यात ओतायची आणि पेला समोर धरून म्हणायची, "घे, फेस मोडायच्या आत पी." चूल नाही, साखर नाही, गाळायला लुगड्याचा पदर. समोरचा पेला रिकामा करेपर्यंत ती जागची हलायची नाही. "तापवलं की दुधातलं सत्त्व धुरासंगं जातं," हे तिचं म्हणणं. आणि त्याला जोडून दुसरं, "दूध उतू जाऊन जाळात पडलं की गाईचे सड तडकतात. कशाला मुक्या जित्राबाला तरास?"

ती माझ्या वडिलांची थोरली बहीण. निमगाव सावाला दिलेली. नवरा लवकर गेला, मुलगा दत्ता कंपनीत नोकरीला म्हणून भोसरीत राहायला गेला, मुलगी रेखा नांदायला गेली. मागं राहिली आत्या आणि चंद्री नावाची काळी-पांढरी संकरित गाय. मी शोभा, आळे गावची. आमच्या घराण्यात कॉलेजात गेलेली मी पहिली, आणि हे मी ताठ मानेनं सांगते. बी.एस्सी. झाले आणि नव्वदच्या दशकात मंचरजवळच्या एका दूध प्रकल्पाच्या प्रयोगशाळेत लागले. गावोगावचं दूध टँकरनं यायचं, त्याचे नमुने तपासायचे, हे माझं काम.

त्या कामामुळं मला कळलं, की लहानपणापासून आत्याच्या हातून प्यायलेला तो पेला म्हणजे दर वेळी नशिबाची परीक्षा होती. तेव्हापासून मला एकच गोष्ट हवी होती. आत्यानं तिच्या गाईचं दूध प्यायच्या आधी चुलीवर ठेवावं. बस्स. त्यासाठी मी दहा-बारा वर्षं डोकं फोडून घेतलं.

"आत्या, आमच्याकडं दूध बहात्तर अंशावर पंधरा सेकंद तापवतात आणि लगेच थंड करतात. तेवढ्यात रोगाचे जंतू मरतात."

"आणि सत्त्व?"

"सत्त्व जागेवर राहतं गं. स्निग्धांश तेवढाच, प्रथिनं तेवढीच, कॅल्शियम तेवढंच. एखाद-दुसरं जीवनसत्त्व थोडं कमी होतं, पण ते दुधात मुळातच नावाला असतं. ते लिंबात खा, पेरूत खा."

"म्हंजी कमी व्हतंय म्हन की," आत्या म्हणायची आणि शेजारणीकडं बघून डोळे मिचकावायची. एवढं सगळं सांगितलेलं वाऱ्यावर, आणि त्यातला तिच्या कामाचा एक शब्द तिनं पदरात बांधलेला! अशा माणसापुढं काय करावं?

शेवटी मी तिला प्रकल्पच दाखवायचं ठरवलं. साहेबांची परवानगी काढली. आत्या नवं लुगडं नेसून एस.टी.नं आली, सोबत चंद्रीच्या सकाळच्या धारेची बाटली. मी तिला स्टीलच्या टाक्या दाखवल्या, नळ दाखवले, तापमानाचे काटे दाखवले. ती सगळीकडं मान उंच करून बघत होती. मग म्हणाली, "समदं झकास हाय. पन हितं गाय कुठं दिसत न्हाई." आमचे ऑपरेटर पोट धरून हसले. तिला थंड पिशवीतलं दूध पेल्यात दिलं. तिनं घोट घेतला, तोंडात फिरवला आणि निकाल दिला, "मुकं दूध हाय."

मी मनात म्हटलं, थांब आता. आमच्याकडं एक साधी चाचणी असते. परीक्षानळीत दूध घ्यायचं, त्यात निळ्या रंगाचे थेंब टाकायचे आणि नळी कोमट पाण्यात ठेवायची. दुधात जंतू जास्त असले, की ते तो निळा रंग घालवतात. रंग जितक्या लवकर उडेल तितकं दूध वाईट. एका नळीत मी पिशवीचं दूध घेतलं, दुसऱ्या नळीत चंद्रीचं. बाटली सकाळपासून उन्हातून आलेली. आत्या स्टुलावर बसून टक लावून बघत होती. आधी तिची कुरबूर झाली, "दुधात नीळ घालतीस? आन् वर माझ्या दुधाला नावं ठिवतीस?" पण अर्धा तासही झाला नसेल, चंद्रीचं दूध पांढरंफेक झालं. पिशवीचं तसंच निळं.

"बघितलंस?" मी म्हटलं. खरं सांगते, त्या क्षणी मला वाटलं, जिंकले.

आत्या स्टुलावरून उठलीच. "बघितलं की! माझ्या चंद्रीच्या दुधानं तुझी समदी नीळ खाऊन टाकली. ताकद हाय, ताकद! आन् तुझं त्ये मुकं बसलंय हितं निळंच्या निळं."

मी खुर्चीत बसले. जंतूंनी रंग खाल्ला हे मी तिला पाच-सहा प्रकारे सांगितलं. तिनं ते सगळं ऐकून घेतलं आणि गावी जाऊन साऱ्या आळीत सांगितलं, की शोभीच्या कंपनीत माझ्या गाईचं दूध पहिलं आलं. पुढं कित्येक महिने मला निमगावच्या बायका एस.टी.त भेटून विचारायच्या, "तुमच्या आत्याचं दूध लई जोरदार निघालं म्हनं?"

आणि याच आत्यानं भोसरीत दत्ताकडं गेल्यावर काय करावं? पिशवीचं दूध, जे आधीच तापवून थंड केलेलं, ते ती सकाळी उकळायची, दुपारी उकळायची, संध्याकाळी पुन्हा उकळायची. तांबूस होऊन खाली लागेपर्यंत. का? "कुना कुना गाईचं असंल, कुनाच्या हातचं असंल, काय भरवसा?" म्हणजे आगीचं काम तिला ठाऊक होतं! फक्त आग परक्यांसाठी होती. घरच्या गाईचं दूध तापवणं म्हणजे तिच्यावर संशय घेणं. हे कळलं तेव्हा मला आणखीच राग आला, कारण याच्यावर माझ्या बी.एस्सी.त काही उत्तर नव्हतं.

मग ते वर्ष आलं. रेखा पहिलटकरीण, बाळंतपणासाठी माहेरी आली होती. त्याआधी थोडेच दिवस चंद्री सातव्या महिन्यात गाभडली होती, वासरू मेलेलं पडलं होतं. मागची वार बाहेर पडेना, म्हणून आत्यानं ती स्वतः हात घालून काढली. त्यानंतर आत्याला संध्याकाळचा ताप येऊ लागला. रात्री घामानं अंथरूण भिजायचं, सकाळी बरं वाटायचं. कंबर धरलेली, गुडघे सुजलेले. टायफॉइडची औषधं झाली, मलेरियाची झाली. एका रविवारी मी गेले, तर आत्या भिंतीला टेकून बसलेली आणि रेखाच्या हातात पेला. फेस अजून मोडला नव्हता.

"रेखा, ठेव तो खाली."

"काय गं आल्या आल्या?" आत्या म्हणाली.

"आत्या, गाय गाभडली, तुला असा चढ-उताराचा ताप. हा गाईचा रोग असणार. वारेतून येतो, कच्च्या दुधातून येतो. पोटुश्या बाईचं तर पोट पडू शकतं. एक उकळी दे, मग तिला हवं तेवढं पाज. एकच उकळी, तुझ्या पाया पडते."

"माझ्या गाईचं दूध माझ्या लेकीला बाधंल?"

"गाईला कळतं का लेक कुणाची ते?"

"तिला कळतं. तुलाच कळंना झालंय, आपलं कोन आन् परकं कोन."

रेखा माझ्याकडं बघे, आईकडं बघे. हळूच म्हणाली, "शोभाताई, तिचं मन कसं मोडू गं?" मला दोघींच्या मुस्कटात द्यावीशी वाटली. मी फाट्यावर जाऊन एस.टी.डी.वरून दत्ताला फोन लावला. दुसऱ्या दिवशी तो जीप घेऊन आला आणि रेखाला भोसरीला घेऊन गेला.

आमच्याकडं पहिलटकरणीला माहेरातून उचलून नेणं म्हणजे काय, हे वेगळं सांगायला नको. आळी दारात उभी होती. आत्या रडली नाही. जीप गेल्यावर मला म्हणाली, "माझ्या लेकीचं बाळंतपन माझ्या घरातनं काढून नेलंस. आता तुझं आन् माझं काय ऱ्हायलं?"

रेखाचं रक्त तपासलं, ते चांगलं निघालं. मुलगी झाली, गुटगुटीत. दत्तानं आत्यालाही पुण्याला नेऊन रक्त तपासलं. मी म्हटलं होतं तोच रोग निघाला. दीड महिन्याच्या गोळ्या होत्या. ताप उतरला तशी आत्यानं त्या बंद केल्या. "ताप न्हाई तर गोळी कशाला?" ताप पुन्हा आला. पुन्हा गोळ्या, पुन्हा अर्ध्यावर. गुडघे कायमचे गेले. आणि वर्षभरानं चंद्री व्याली, तिला ठणठणीत कालवड झाली! आत्या माझ्याशी बोलत नव्हती, पण निरोप मात्र आला, "शोभीला सांगा, कालवड झाली. तिचा रोग कुठं गेला इचारा." आता कुणाला सांगू, की अशी गाय एकदा गाभडून पुढं नीट विते आणि रोग दुधातून देतच राहते? निरोप आणणाऱ्याला मी ते सांगितलं. तो म्हणाला, "आसंल, ताई. पन कालवड लई देखनी हाय."

अबोला कसा संपला, ते मला नीट आठवत नाही. रेखाची मुलगी चालायला लागल्यावर आम्ही तिघी निमगावला गेलो. आत्या काठी टेकत आत गेली, बराच वेळ आली नाही. आली तेव्हा आम्हा तिघींच्या पुढ्यात वाफाळलेलं दूध, वर जाड साय. तिच्या स्वतःच्या पेल्यात फेस.

"तापवलंस?" मला खरंच वाटेना.

"तुमी शिकलेल्या. तुमच्या पोटाला सोसत न्हाई," ती म्हणाली आणि तिचा पेला फेस मोडायच्या आत संपवला.

मला तिला पटवायचं होतं. तिनं मला नुसतं सांभाळून घेतलं, जसं आजाऱ्याला पथ्याचं करून घालतात तसं. याचा राग अजून गेलेला नाही.

दोन-चार वर्षांनी आत्या गेली. झोपेत, हृदय बंद पडून. तेराव्याला आळीतल्या बायका म्हणत होत्या, "गुडघं गेलं व्हतं, पन काटक किती! आख्खा जलम धारोष्ण प्याली म्हनून."  गोठ्यातून शेजारणीनं चरवी आणली, पेला भरून माझ्यापुढं धरला. "घ्या ताई, आत्या म्हनायची तसं, फेस मोडायच्या आत."

मी पेला घेऊन स्वयंपाकघरात गेले आणि पातेलं शोधू लागले. फळीवर, बाकीच्या भांड्यांपासून वेगळं, एक छोटं जर्मनचं पातेलं पालथं ठेवलेलं होतं. आत घासून चकचकीत, बुडाशी काळं. रेखा मागून म्हणाली, "त्यात दुसरं काही करू द्यायची नाही. शोभीचं पातेलं म्हणायची. तू येणार असलीस की काढायची, आणि दूध वर येईपर्यंत त्या गुडघ्यांनी चुलीपाशी उभी राहायची. बसलं की लक्ष जातं म्हणे."

मी दूध त्यात ओतलं आणि जाळावर ठेवलं. फेस मोडला. बाहेर पंगत बसत होती, मला हाका येत होत्या. मी हलले नाही. दूध वर आलं तसं पातेलं पदरानं धरून उतरवलं. एक थेंब जाळात पडू दिला नाही.