भिजवलेल्या गव्हाचा वास

पणतीच्या बारशासाठी सुनेनं काल घुगऱ्यांचे गहू भिजत घातले होते. सकाळी तिनं झाकण काढलं, तो आंबूस-गोडसर वास आला आणि मी उठून अंगणात जाऊन बसले.

देश स्वतंत्र व्हायच्या आधीची गोष्ट. शिंदखेड्याजवळच्या आमच्या घरी माझी थोरली बहीण, अक्का, पहिल्या बाळंतपणाला आली होती. बारशाचे गहू असेच भिजत पडले होते आणि पहाटे बाळ गेलं. वडील त्याला फडक्यात गुंडाळून शेताकडे घेऊन गेले.

"आते त्या घुगऱ्या कोन खाई?" चुलीपाशी बसलेली माय एवढंच म्हणत राहिली.

अक्कानं पातेलं उचललं. परसात टोपलीखाली कोंबडीची पिलं कालच अंड्यांतून निघाली होती, सगळीच्या सगळी जिवंत, अंगावर नुसती लव. अक्कानं गहू पाट्यावर जाडसर वाटले आणि टोपली उचलून तळहातावर त्यांच्यापुढे धरले. कोंबडी कण चोचीत उचलायची, स्वतः न खाता खाली ठेवायची आणि पिलांना बोलवायची.

"तू बी खाय व माय," अक्का कोंबडीला म्हणाली. "तुन्हा पिला बठ्ठा जित्ता शेतस."

तिची चोळी पुढून भिजली होती. मी लहान होते. मला वाटलं, पातेल्यातलं पाणी सांडलं.

"अक्का, तुन्ही चोळी वली व्हयनी."

ते पाणी नव्हतं, हे मला माझं पहिलं मूल पाजताना कळलं. तेव्हा अक्कानं नुसता पदर ओढून घेतला. दुसरा हात तिनं तसाच धरून ठेवला. गहू संपले होते, तरी पिलं तिच्या रिकाम्या तळव्यावर टोचत होती.