इटालियन वाइन आणि राखणदाराचा मान

मित्रांनो, एक सल्ला हवाय.

आज दुपारी परळच्या आमच्या रेस्टॉरंटमध्ये मी पहिल्यांदाच एकट्याने व्हालपोलिचेल्ला उघडली. ही इटलीतल्या व्हेरोनाकडची, तिथल्याच द्राक्षांची रेड वाइन. मी अजून ट्रायलवर आहे आणि मॅनेजर बघत होते.

रीतीप्रमाणे टेबलावरच्या वयस्कर काकांना आधी घोटभर चाखायला ओतली. त्यांनी बोट बुडवून, कोकणात गाव राखणाऱ्या देवाला देतात तसे, थेंब खाली शिंपडले. "पयलो मान गावच्या राखणदाराचो."

"बाबा, खाली गालिचा आहे," मुलगी पुटपुटली.

काकांनी मला विचारलं, "द्राक्षां खंयची?"

"इटलीतलीच, काका."

"मगे थंयच्या राखणदाराकय मान होयो." पुन्हा शिंपडले.

नंतर मॅनेजर म्हणाले, "पुढच्या वेळी गिऱ्हाइकाला थांबव, नाहीतर ट्रायल संपली समज."

माझे वडीलही घरी असंच शिंपडतात. अशा काकांना कोणत्या शब्दांत थांबवायचं?