बांधावरचा गरका

आयुष्यभर इतरांच्या उत्तरपत्रिका तपासणाऱ्या बाईने पन्नाशी उलटल्यावर स्वतः काही लिहायला बसावे, हा आगाऊपणाच आहे. वाचकांनी तो पोटात घालावा. मी लेखिका नाही. शिवाय जे सांगायचे आहे त्यातले निम्मे जग खरे नाही, आणि ते माझ्या एकटीचेही नाही. ते आम्ही दोघी मैत्रिणींनी मुकुंदवाडीत, टँकरची वाट पाहता पाहता रचले होते.

लागोपाठच्या दुष्काळाची ती वर्षे. वडील चिकलठाण्याच्या एका कारखान्यात लागले म्हणून आम्ही मुकुंदवाडीत भाड्याच्या दोन खोल्यांत राहायला आलो. शहर पूर्वेकडे सरकत होते. काल ज्वारीची धसकटे दिसत तिथे आज खडी पडलेली असे. घरे वाढत होती, पाणी तेवढे नव्हते. टँकर कधी येईल हे कुणालाच ठाऊक नसे. म्हणून बायका सकाळीच घागरी, हंडे, डबे रस्त्याच्या कडेने ओळीत लावून कामाला जात. जिथे भांडे तिथे त्या घराचा नंबर, असा नियम होता. मात्र राखण लागे, आणि आमच्या घरातून ती माझ्याकडे असे.

“हा हंडा कुणी सरकवला गं? का पाय फुटले त्याला?” शेजारच्या एका बाईंनी एकदा आवाज चढवला.

“फुटलेत ना मावशी. सकाळधरनं दोनदा टँकर बघून आला.”

हे उत्तर देणारी मुलगी माझ्याच दहावीच्या वर्गात होती. तिचे वडील मेंढरे राखत. चारा संपला तेव्हा कळप विकून ते शहरात आले आणि आमच्या समोरच्या अर्धवट इमारतीवर वॉचमन झाले. मी अबोल. वर्गात माझ्याशी कुणी वाईट वागत नसे; कुणी बोलतच नसे, इतकेच. तिने मात्र त्या दिवशी माझ्या घागरीशेजारी बसकण मारली आणि विचारले, “तुला किती रानं ठावं हायेत?”

तिच्या मते रानं सात होती, आणि एकेक रान म्हणजे एक अख्खे जग. एकात पाऊस जमिनीतून आभाळाकडे पडे. दुसऱ्यात मेंढरे बोलत आणि माणसे मुकाट चरत. आपले रान पाचवे, ‘लई कोरडं’. दोन रानांच्या मध्ये बांध, आणि बांधावर गरका.

गरका तिला कळपावरून सुचला होता. ती सांगे, उन्हाने बावचळलेले मेंढरू पुढच्याच्या मागे चालू लागते, ते त्याच्या पुढच्याच्या मागे, आणि अख्खा कळप गोल फिरत राहतो, तहानेने कोसळेपर्यंत. बाहेरून हाका मारून उपयोग नसतो. बांधावरच्या गरक्यात मेंढरांऐवजी दिवस फिरे. त्यात पाऊल पडले की माणूस तोच दिवस पुन्हा पुन्हा जगे, आणि त्याला ते कळत नसे. प्रत्येक फेऱ्याला त्याची सावली बोटभर आखडे. सावली संपली की माणूस संपला, आणि सातही रानांत कुणाला त्याचे नावसुद्धा आठवत नसे.

ती सांगे, मी वहीत उतरवून घेई. आमच्या गोष्टीतली मुलगी गरक्यात सापडली होती आणि तिची चार बोटे सावली उरली होती. तिला सोडवायला मी मंत्र जाणणारा एक साधू आणला. मैत्रीण इतकी हसली की ओळीतल्या बायका वळून पाहू लागल्या.

“साधू काहून? मंतरानं गरका थांबत नाय. कुणीतरी आत जावं लागतंय. भेव वाटलं तरी जावंच लागतंय.”

परीक्षेला चार महिने उरले असताना इमारत पुरी झाली. तिच्या वडिलांना दौलताबादच्या पलीकडे एका गोदामावर काम मिळाले. तिथून शाळेत रोज येणे शक्य नव्हते.

“परीक्षा व्हईस्तोवर तुमच्या घरी ऱ्हाते,” ती म्हणाली. “मोरीत बी निजंन. तुझ्या आईला इचार.”

आमच्या घरी तेव्हा भांडी राखेने कोरडी घासून नुसती पुसली जात. अंघोळ दोन तांब्यांची. आणखी एक माणूस घरात घ्या, हे वाक्य मी मनात अनेकदा रचले. आईसमोर उभी राहिले की भलतेच काही विचारून परत येई. मैत्रिणीला मी रोज सांगत असे, “उद्या विचारते.”

चौथ्या दिवशी ती म्हणाली, “तू बी गरक्यात गेली का काय?” मी हसले. आईला विचारले मात्र नाही.

मग एका दुपारी समोर टेम्पो उभा राहिला. पत्रे, खाट, चूल चढवली गेली. ती ओळीपाशी आली.

“काय म्हणली आई?”

“नको म्हणाली,” मी म्हणाले.

तिने भांड्यांच्या रांगेकडे पाहिले. “बरूबर हाय त्यांचं. पाणी कुठंय?” तेवढ्यात टँकर आला. तिने माझी घागर उचलून पुढे ठेवून दिली आणि टेम्पोकडे गेली.

आठवड्याभराने आईने जेवताना सहज विचारले, “तुझी ती हसरी मैत्रीण दिसत नाही?” ती दौलताबादकडे राहायला गेल्याचे मी सांगितले. आई म्हणाली, “अगं, परीक्षेपर्यंत राहिली असती की आपल्याकडे. आधी बोलायचंस ना.” मी ताटातला भात चिवडत राहिले. तिने राहण्याबद्दल विचारले होते, हे मी आईला त्या दिवशी सांगितले नाही आणि पुढेही कधी नाही. दहावीचे वर्ष मी एकटीने घागरी राखत संपवले. तिची जागा परीक्षेत रिकामी होती. त्यानंतर नोकरीत पुष्कळ माणसे ओळखीची झाली, पण शेजारी कुणी बसकण मारली नाही.

आई जाऊन आता बरीच वर्षे झाली. गेल्या महिन्यात जुन्या वर्गातल्या एकीने मैत्रिणीचा फोन नंबर पाठवला, आणि सोबत तिचा निरोप: “तुझ्या आईला नमस्कार सांग. त्यांचा मला कधीच राग नव्हता.”

नंबर समोर आहे. फोन लावला, तर मी तिला खरे सांगावे का?