दहा मिनिटं पुढचं घड्याळ

गडब गावाहून येणारा आमचा बॅटरीवाला बॉनेट उघडण्याआधी अंगठी आणि कडं काढतो, शर्टाच्या खिशात टाकतो आणि खिशाचं बटण लावतो. "अंगठी तारेला चिकटली की बोट भाजतंय, वहिनी," हे दर खेपेला सांगतोच. आमचे हे त्याला नुसतं भाऊ म्हणायचे, म्हणून मीही तेच म्हणते. नाव विचारायचं राहूनच गेलं.

हे गेल्यापासून गाडी पेणच्या घराच्या अंगणात उभीच असते. परवा चावी फिरवली तर नुसती टकटक झाली. बॅटरीच्या टोकांवरचा पांढरा थर बघून भाऊ हसला. "हितं तर मिठागर पिकलंय!" मग काळ्या तारेला पाना लावला आणि थांबला. "तार काढली की गाडीतलं घड्याळ पुसलं जाईल. चालंल ना?"

मी मान डोलावली. त्याला काय सांगणार होते? नागोठण्याच्या कारखान्यातली शिफ्ट चुकू नये म्हणून ह्यांनी ते दहा मिनिटं पुढे ठेवलेलं. तरी रोज निघताना म्हणायचेच, "चहा टाक, अजून दहा मिनिटं आहेत."

भाऊने गाडीत डोकावून घड्याळ पाहिलं, मोबाइलवरची वेळ पाहिली. मग आधी काळी तार सोडली, मग लाल. नवी बॅटरी बसवताना आधी लाल, मग काळी. गाडी एका चावीत सुरू झाली. तो आत बसून काहीतरी दाबत राहिला.

तो उतरल्यावर मी वाकून पाहिलं. घड्याळ दहा मिनिटं पुढे होतं.

"होतं तसंच ठेवलंय," तो अंगठी घालत म्हणाला.

"थांबा भाऊ," मी म्हटलं, "चहा टाकते. अजून दहा मिनिटं आहेत."